पोळपाटावरची विद्या

दिल्लीच्या लाल किल्ल्यात भरलेल्या युनेस्कोच्या बैठकीत १० डिसेंबर २०२५ रोजी मानवजातीच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत आपल्या दिवाळीची नोंद झाली. त्याच दिवशी, त्याच बैठकीत आणखी एक नोंद झाली. ती इटलीच्या पाककलेची. एका सणाचा आणि एका स्वयंपाकघराचा असा एकाच वेळी सत्कार व्हावा हा योगायोग खरा. पण एका हातात दिवाळी अंक व दुसऱ्या हातात चकली घेऊन बसलेल्या मराठी वाचकाला तो विचित्र वाटण्याचे कारण नाही. आपलाही सण अर्धा देवघरात आणि अर्धा स्वयंपाकघरात साजरा होत असतो.

या सन्मानात एक बारकावा आहे. मान मिळाला तो अमुक एका पदार्थाला मिळालेला नाही. घरातल्या माणसांनी एकत्र येऊन रांधावे, आजीने नातवंडाच्या हाती कणकेचा गोळा द्यावा आणि ती विद्या अशी हातातून हातात पुढे जावी, या रीतीला तो मिळाला आहे. आता ज्याची आजी इटलीत नाही त्याने काय करावे? त्याची सोय इटलीने केव्हाच करून ठेवली आहे. फ्लॉरेन्स, बोलोन्या, रोम अशा शहरांत प्रवाशांसाठी अर्ध्या दिवसाचे पाकवर्ग चालतात. सकाळी मंडईत हिंडावे, मग एप्रन बांधून पीठ मळावे, लाटावे, कापावे, शिजवावे आणि आपण केलेले आपणच खावे. अनेक ठिकाणी शेवटी प्रशस्तिपत्रकही मिळते.

हे शिक्षण की करमणूक? शाळेत मुलांपुढे उभे राहणाऱ्या माणसाला हा प्रश्न पडल्याशिवाय राहत नाही. अर्ध्या दिवसात कुणाला काही येते, यावर आमच्या व्यवसायाचा विश्वास नसतो. तथापि वर्गाला नुसते हसून चालणार नाही. पदार्थाची चव कशी लागली यावरून पाकवर्गाची परीक्षा होत नाही. तिथे लिहिलेले शब्द आणि शिकवणारा हात यांचे नाते कसे आहे, हे पाहावे लागते. त्यासाठी आधी दोन पुस्तके उघडू. एक त्यांचे, एक आपले.

त्यांचे पुस्तक पेल्लेग्रीनो आर्तुझी याचे. रोमान्या प्रांतातील फोर्लिंपोपोली या लहानशा गावी १८२० साली त्याचा जन्म झाला. तो आचारी नव्हे, व्यापारी. २५ जानेवारी १८५१ च्या रात्री ‘पास्सातोरे’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या दरोडेखोराच्या टोळीने गावातील नाटकगृहात जमलेल्या प्रतिष्ठितांना कोंडून गाव लुटले. आर्तुझीचे घरही लुटले गेले. त्याच्या एका बहिणीच्या मनावर त्या रात्रीचा असा आघात झाला की ती पुन्हा सावरलीच नाही. त्यानंतर हे कुटुंब गाव सोडून फ्लॉरेन्सला गेले. आर्तुझीने तिथे व्यापारात पैसा केला, लग्न केले नाही, आणि सत्तरी ओलांडल्यावर, १८९१ साली, स्वयंपाकाचे शास्त्र आणि चांगले खाण्याची कला अशा अर्थाचे नाव असलेले एक पुस्तक पदरचे पैसे घालून छापले. प्रकाशक मिळाला नव्हता. एका विद्वान मित्राने पुस्तक चालणार नाही असे भाकीतही करून टाकले होते. पुढे गावच्या एका धर्मादाय सोडतीत बक्षीस म्हणून या पुस्तकाच्या दोन प्रती ठेवल्या गेल्या, तेव्हा ज्यांना त्या मिळाल्या त्यांनी थट्टा करीत त्या तंबाखूच्या दुकानदाराला विकून टाकल्या. ही हकीकत आर्तुझीने स्वतःच पुढच्या आवृत्तीत हसत हसत सांगितली आहे.

पण पुस्तक चालले. पहिल्या आवृत्तीतील ४७५ पाककृती वाढत वाढत त्याच्या हयातीतच ७९० झाल्या. याचे कारण वाचकांची पत्रे. गावोगावच्या गृहिणी आपापल्या घरची कृती लिहून पाठवीत. आर्तुझी ती घरी करवून पाहत असे आणि उतरली तर पुढील आवृत्तीत घालीत असे. इटली हे राष्ट्र म्हणून १८६१ साली एक झाले. पण पीडमाँटच्या माणसाला सिसिलीच्या माणसाचे बोलणे कळत नसे आणि एकाचे जेवण दुसऱ्याला ठाऊक नसे. आर्तुझीने फ्रेंच शब्दांनी लडबडलेली स्वयंपाकाची भाषा दूर सारून, साध्या टस्कन इटालियनमध्ये सगळ्या देशाचे ताट एका पंगतीला मांडले. पिएरो काम्पोरेसी या अभ्यासकाने १९७० साली त्या पुस्तकाची संपादित आवृत्ती काढताना असे मत मांडले की, देश एक करण्याच्या कामी मांझोनीच्या विख्यात कादंबरीपेक्षाही या पाकपुस्तकाने अधिक केले. एका कादंबरीकाराला हे वाक्य पचायला जड आहे. परंतु खोडून काढणेही सोपे नाही.

आणि याच १९७० साली आपल्याकडे कमलाबाई ओगले यांची ‘रुचिरा’ आली. पाककृतींची पुस्तके मराठीला त्याआधी ठाऊक नव्हती असे नाही. लक्ष्मीबाई धुरंधर यांचे ‘गृहिणीमित्र अथवा एक हजार पाकक्रिया’ हे पुस्तक या शतकापूर्वीचे, १९१० सालचे आहे. पण घराघरांत शिरले ते ‘रुचिरा’. कमलाबाई सांगली जिल्ह्यातील कुंडलच्या. शाळा चौथीपर्यंत. लग्न होऊन आल्यावर स्वयंपाक शिकल्या त्या सासूबाईंच्या हाताखाली. पुढे लाख सुनांची सासू म्हणून त्यांचा गौरव झाला. आणि तो थट्टेचा गौरव नव्हता, पुस्तकाच्या खपाचा आकडाच लाखाच्या पुढे गेला होता.

त्या काळाचे मुंबईचे चित्र डोळ्यांपुढे आणा. गिरगाव-दादरच्या चाळी अपुऱ्या पडू लागल्या आणि मराठी कुटुंबे मुलुंड, घाटकोपर, अंधेरी, बोरिवलीकडे सरकू लागली. दोन खोल्यांचा संसार. सासू गावी, आई दुसऱ्या गावी, शेजारीण परजातीची नाहीतर परप्रांताची. सकाळच्या लोकलची घाई. अशा घरात अळूची पातळ भाजी किती वेळ शिजवायची हे विचारायचे कुणाला? ‘रुचिरा’ने या प्रश्नाला उत्तर दिले, आणि ते ग्रॅममध्ये न देता वाटीत आणि चमच्यात दिले. त्या दोन खोल्यांत तराजू नव्हता, वाटी होती. या एका निर्णयात पुस्तकाचे सारे शहाणपण आहे असे मला वाटते.

दोन्ही पुस्तके एकाच गरजेतून आली आहेत. जो हात शिकवायचा तो जवळ राहिला नाही, म्हणून त्याचे काम शब्दांवर आले. स्वयंपाकाचे पुस्तक हे ताटातुटीचे वाङ्मय आहे. ज्या घरात आजी, आई आणि लेक एकाच चुलीपाशी बसतात तिथे ते लिहिले जात नाही; लिहिण्याची कुणाला आठवणही होत नाही.

परंतु दोघांच्या लिहिण्यात भेद आहे, आणि तो महत्त्वाचा आहे. आर्तुझी वाचायला फार गोड. तो गप्पा मारतो, पचनाबद्दल सल्ला देतो, आठवणी सांगतो, मध्येच कुणाची फिरकी घेतो. त्याचे पुस्तक उशाशी ठेवून झोपावे असे आहे. पण वाचता वाचता जाणवते की हा माणूस स्वयंपाकघराच्या दारात उभा आहे. आत पाटावर वाकलेले हात दुसऱ्यांचे आहेत: त्याच्या घरचा आचारी फ्रांचेस्को रुफिल्ली आणि घर सांभाळणारी मारिएत्ता साबातीनी यांचे. कमलाबाईंच्या पुस्तकात असा दरवाजाच नाही. तिथे हातानेच लेखणी धरली आहे. साहित्य, कृती, संपले. गप्पांना जागा नाही; कारण रांधणाऱ्या बाईला रांधताना गप्पा सुचत नाहीत, पुढची पायरी सुचते. म्हणून वाचण्यासाठी आर्तुझी थोर आणि रांधण्यासाठी ‘रुचिरा’. वाङ्मय म्हणून मोजाल तर पहिल्याला अधिक गुण पडतील. शिक्षक म्हणून मोजाल तर माझे माप कमलाबाईंच्या बाजूने झुकते.

तरीही दोन्ही पुस्तके एका जागी येऊन थांबतात. शंभर ग्रॅम मैद्याला एक अंडे, हे रोमान्याच्या पास्त्याचे प्रमाण. पण अंडे लहान असेल तर? आपल्या मुंबईत जुलै महिन्यात पीठच हवेतले पाणी पिऊन बसलेले असते. तेव्हा वाटीचे माप खरे मानले तर कणीक सैल होते. ‘मऊसर भिजवावे’ असे पुस्तक म्हणते. मऊसर म्हणजे किती, हे बोटाला कळते, डोळ्याला कळत नाही. आणि कागदाला तर मुळीच कळत नाही. पुस्तकाचा येथे दोष नाही. चांगले पुस्तक आपली हद्द ओळखते आणि तिथून पुढे हाताला बोलावते. तो हात आणायचा कुठून, हाच प्रश्न आहे.

फोर्लिंपोपोलीने या प्रश्नाला दिलेले उत्तर मला सर्वांत विचार करायला लावणारे वाटते. ज्या गावी आर्तुझीच्या पुस्तकाच्या प्रती तंबाखूवाल्याकडे गेल्या, त्याच गावाने २००७ साली एका जुन्या मठाच्या आवारात ‘कासा आर्तुझी’ नावाचे घर उघडले. तिथे ग्रंथालय आहे, भोजनगृह आहे आणि पाकशाळा आहे. या पाकशाळेत हाताने शिकवणाऱ्या गावच्या स्त्रियांच्या संघाला नाव दिले आहे ‘मारिएत्ता’. दारात उभ्या राहून लिहिणाऱ्याचे नाव वास्तूला, आणि आत वाकून मळणारीचे नाव शिकवणाऱ्यांना. आर्तुझीनेही १९११ साली जाताना मृत्युपत्रात पुस्तकाचे हक्क आपल्या या दोन सेवकांना ठेवले होते. गावाने जणू तोच न्याय पुढे चालवला.

वर्ग चालतो तो पाटावर. प्रत्येकापुढे लाकडी फळी आणि लांबच लांब लाटणे. मैद्याची रास करून मध्ये आळे करायचे, त्यात अंडी फोडायची, पाण्याचा थेंब नाही. मग तळहाताच्या टाचेने ते तिंबत राहायचे. गोळा झाकून मुरू द्यायचा. नंतर लाटणे. मराठी बाईला येथे वाटते, हे तर आपल्या हातचेच काम! पण इथेच गंमत आहे. आपली पोळी लाटण्याखाली आपोआप गरगर फिरते. हाताला त्या फिरण्याचीच सवय. त्यांची ‘स्फोल्या’ म्हणजे फळीएवढी एकच एक लाटी. ती लाटण्याला गुंडाळून, दोन्ही तळवे मधून बाहेर सरकवीत, ताणून पातळ करायची असते. वर्षानुवर्षे पोळ्या लाटलेला हात या वेळी मदतही करतो आणि आडवाही येतो. लाकडाच्या फळीवर लाटल्याने लाटीला किंचित खरखरीतपणा येतो आणि मग रस्सा तिला धरून राहतो. गुळगुळीत फरशीवर हे साधत नाही. या गोष्टी पुस्तकात लिहिता येतात, मी त्या येथे लिहिल्याच आहेत. पण वाचणाऱ्या एकाच्याही तळव्याला त्या अजून कळलेल्या नाहीत.

अशा वर्गाची परीक्षा मी तीन प्रश्नांनी करीन. पिठात हात कुणाचा आहे, शिकवणाराचा की शिकणाराचा? जिथे गुरू करतो आणि शिष्य छायाचित्र काढतो, तो वर्ग नव्हे, ती नाटकगृहातील पुढची रांग आहे. दुसरा प्रश्न, बिघडायला वेळ आहे का? फाटलेली लाटी पुन्हा गोळा करून मळायला लावणारा गुरू खरा. ती हळूच उचलून आपली चांगली पुढे सरकवणारा गुरू प्रवाशाला खूश करतो आणि रिकाम्या हातांनी परत पाठवतो. तिसरा प्रश्न सर्वांत कठीण. घरी परतल्यावर आपल्या पिठाने, आपल्या पातेल्यात ते पुन्हा करता येते का? पहिल्या दोन प्रश्नांत उत्तम ठरलेला वर्गही या तिसऱ्यात नापास होऊ शकतो. कारण त्याचे उत्तर वर्गात नसते, शिकणाऱ्याच्या पुढच्या दहा रविवारांत असते. म्हणून अर्ध्या दिवसाचा वर्ग म्हणजे विद्या नव्हे. ती विद्येची ओळख आहे. पण ओळख तरी समोरासमोर झालेली आहे, आणि पुस्तकाला तेवढेही जमत नाही.

आपल्या मंडळींचे याबाबतीत विचित्र आहे. मराठी सहली आता युरोपभर जातात आणि सोबत आपला स्वयंपाकही जातो. रोमला पोहे आणि फ्लॉरेन्सला वरणभात. वयस्क माणसांच्या पोटाचा विचार केला तर यात हसण्यासारखे काही नाही. पण परत आल्यावर तीच मंडळी मुलाबाळांबरोबर घाटकोपरच्या खाऊगल्लीत चीजमध्ये बुडालेला पास्ता खातात आणि इटली खाल्ल्याचे समाधान मानतात. अंडे चालत नाही ही अडचण पुष्कळ घरांत असते, हे खरे. पण दक्षिण इटलीचा पास्ता अंड्याशिवायच असतो. बारी शहराच्या जुन्या गल्ल्यांत बायका दारात बसून रवाळ पीठ नुसत्या पाण्यात भिजवतात, त्याची वळी करून तुकडे पाडतात आणि अंगठ्याच्या दाबाने प्रत्येकाचा इवलासा कान करतात. त्याचे नावच ‘ओरेक्किएत्ते’, म्हणजे छोटे कान.

हे वाचून कुणा आजीला काही आठवले असेल तर ते बरोबर आठवले. आपल्याकडे याला वळवट म्हणत. गव्हले, नखुल्या, मालत्या, बोटव्या. दोन बोटांच्या चिमटीत वळलेले, नखाने दाबलेले, गव्हाच्या दाण्याएवढे. लग्नकार्याआधी सुवासिनी एकत्र बसून गव्हले करीत आणि त्यांची खीर होई. वरणात सोडलेल्या कणकेच्या चौकोनी चकोल्या तर आपण आजही आवडीने खातो. इटलीत ‘फार्रो’ म्हणून ज्या गव्हाचे कौतुक होते त्याच जातीचा आपला खपली गहू; सांगली-कोल्हापूरकडे त्याच्या शेवया होतात. रोमान्याची ‘पियादिना’ तव्यावर भाजताना पाहिली तर ती आपल्या पोळीची मावसबहीण वाटावी. मग तिथल्या पाटावर बसायला जाणाऱ्या मराठी माणसाने आधी आपल्या घरचा पाट कुठे आहे ते विचारायला नको का?

तो बहुधा माळ्यावर आहे. करंजीचे उदाहरण घ्या, दिवाळीच आहे. पारी लाटणे, सारण भरणे, काठ मिटवणे आणि मग एक तर कातण्याने कापणे नाहीतर बोटांनी मुरड घालणे. कातणे इटलीतही आहे, तसेच दातेरी, राव्हियोली कापण्यासाठी. पण मुरड ही शुद्ध हाताची गोष्ट. अंगठा आणि तर्जनी यांच्या एका लयीत ती पडत जाते. लय चुकली की काठ उकलतो आणि सारण तेलात जाते. एका करंजीवरून ती करणारी बाई ओळखू येते म्हणत, ते या मुरडीवरून. साच्याच्या करंजीला अशी ओळख नसते. उपनगरातील कितीतरी घरांत फराळ आता बाहेरून येतो, परदेशच्या मुलांना तो पेट्यांतून जातो. यात कुणाचा गुन्हा नाही. नोकरी करणाऱ्या बाईने चार रात्री जागून घाणे तळावेत असा आग्रह धरणारा माणूस बहुधा स्वतः तळत नसतो. पण मुरड घालणारे हात नाहीसे झालेले नाहीत. ते आपल्याच इमारतीच्या मागच्या गल्लीत, कुणाच्या तरी घरगुती उद्योगात, दिवसाला शेकडो करंज्या वळत आहेत. पेटीवर नाव असते ते उद्योगाचे. मारिएत्ता आपल्याकडेही आहे. तिला नाव तेवढे नाही.

स्वयंपाकाला शास्त्राचा मान द्यायला आपण कचरलो असेही नाही. लीलावती मुनशी यांच्या पुढाकाराने १९५४ साली अंधेरीच्या भवन्स कॉलेजच्या आवारात अन्नव्यवस्था शिकवणारी संस्था सुरू झाली. पुढे ती दादरला गेली आणि तिथून शिकून निघालेली माणसे मोठमोठ्या हॉटेलांत गेली. ते काम थोर आहे. पण त्यात घरच्या पाटावरची विद्या बसत नव्हती, आणि तिच्यासाठी दुसरी जागा आपण केली नाही. फोर्लिंपोपोली हे आपल्या एखाद्या तालुक्याच्या गावाहून मोठे नाही. त्याला जमले ते मुलुंड-बोरिवलीच्या वाचनालयांना जमणार नाही काय? दिवाळीपूर्वीचा एक रविवार, वाचनालयाचे सभागृह, वीस पोळपाट, आणि शिकवायला मागच्या गल्लीतील ती बाई. तिला योग्य मानधन आणि फळ्यावर तिचे पूर्ण नाव. व्याख्यानमालेला आपण इतके तरी करतोच.

‘रुचिरा’ कपाटात असावी, आर्तुझीही कुणी मराठीत आणावा. पुस्तके पुढच्या पिढीपर्यंत सुखरूप पोचतील. त्यांना काळजी नाही. मुरडीची मात्र दुसरी प्रत निघत नाही. तेव्हा यंदा ज्या घरांत करंज्या होतील तिथल्या मोठ्या माणसांना एवढीच विनंती, की मूल जवळ आले तर त्याला ‘पसारा करू नकोस’ म्हणून उठवू नका. एक लाटी त्याच्या हाती द्या. ती करंजी तेलात फुटेल, थोडे सारण वाया जाईल; कढई पुन्हा गाळून घेता येते.